खुलासा : १९१८ मध्ये 'अख्खं आयर्लंड' शिन फेनकडे गेलं नव्हतं

डिसेंबर १९१८ च्या ब्रिटिश सार्वत्रिक निवडणुकीत आयर्लंडने एकमुखाने शिन फेनला, म्हणजे स्वतंत्र आयर्लंड मागणाऱ्या पक्षाला, कौल दिला, असं सांगणारी पोस्ट फिरते आहे. १०५ पैकी ७३ जागा त्यांनी जिंकल्या, हे खरंच. 'एकमुखाने' मात्र खोटं.

उत्तरेकडच्या अल्स्टर प्रांताच्या नऊ परगण्यांत युनियनवाद्यांनी, म्हणजे ब्रिटनशी जोडलेलं राहू इच्छिणाऱ्यांनी, बहुसंख्य जागा घेतल्या. शिन फेनला तिथे जेमतेम दहा. खुद्द डब्लिनच्या रॅथमाइन्समध्येही युनियनवादीच निवडून आला. ब्रिटनअंतर्गत स्वशासन मागणाऱ्या जुन्या आयरिश पार्लमेंटरी पार्टीचा धुव्वा उडाला खरा, पण वॉटरफर्ड शहर तिने राखलं.

शिवाय २५ जागा बिनविरोध होत्या. केरी परगण्याच्या चारही जागांवर मतदानच झालं नाही! जिथे झालं, तिथे शिन फेनला सुमारे ४७ टक्के मतं पडली.