पदकाआधीची पंधरा वर्षे

राधानगरी तालुक्यातील कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळे यांनी २०२४ साली पॅरिसमध्ये नेमबाजीचे कांस्यपदक जिंकले, आणि जल्लोष ओसरण्याआधीच आपल्याकडची चर्चा बक्षिसाच्या रकमेवर येऊन ठेपली. महाराष्ट्राने सुरुवातीला एक कोटी जाहीर केले, हरियाणा मात्र कांस्यपदकालाच अडीच कोटी देतो, मग आमच्या खेळाडूंनी काय घोडे मारले, असा प्रश्न कोल्हापुरात घरोघरी विचारला गेला. खुद्द त्यांच्या वडिलांनीही जाहीरपणे नाराजी व्यक्त केली आणि ती मला रास्त वाटते. परंतु त्याच ऑलिंपिकमध्ये भारतीय हॉकी संघानेही कांस्यपदक मिळवले होते आणि त्या संघात महाराष्ट्राचा एकही खेळाडू नव्हता, याविषयी मात्र आपण कोणी फारसे बोललो नाही. ज्या कोल्हापूर शहरात लाईन बझारसारखी हॉकीवर जीव टाकणारी वस्ती आहे आणि मेजर ध्यानचंद यांच्या नावाचे स्टेडियम आहे, तेथे या गोष्टीची अधिक हळहळ वाटायला हवी होती.

पदकाला किती द्यावे हा वाद शेवटच्या पायरीचा आहे. हॉकीपटूची कारकीर्द दहाव्या-बाराव्या वर्षी सुरू होते, सोळा-सतराव्या वर्षी ज्युनिअर संघाच्या निवड चाचण्या येतात, पुढे वर्षातले कित्येक महिने बंगळुरूच्या राष्ट्रीय शिबिरात जातात आणि तिशी ओलांडली की बहुतेकांचा खेळ थांबतो. पदक मिळाले तरी ते या प्रवासाच्या उत्तरार्धात मिळते. त्याआधीची पंधरा वर्षे खेळाडूचे शिक्षण, आहार, स्टिक आणि बूट यांचा भार कोणी उचलायचा, या प्रश्नाचे उत्तर आपल्याकडे आजही "ज्याच्या त्याच्या आईबापांनी" असेच आहे.

मी राहतो त्या नेदरलँड्समधील ॲम्स्टेलवेन गावात वाखेनर स्टेडियम आहे, जेथे डच राष्ट्रीय संघांचे सामने होतात. पॅरिसमध्ये हॉकीची पुरुष आणि महिला अशी दोन्ही सुवर्णपदके याच देशाने जिंकली आणि एकाच ऑलिंपिकमध्ये असे करणारा तो पहिला देश ठरला. या यशाच्या मुळाशी सरकारी बक्षीस नसून गावोगावचे क्लब आहेत. शनिवारी सकाळी क्लबच्या मैदानावर दहा-अकरा वर्षांच्या मुलामुलींचे सामने चालतात. गोलकीपरचे लेगगार्ड, बुटांवर चढवायचे किकर, छातीचे कवच आणि हेल्मेट हा सगळा संच क्लबच्या मालकीचा असतो आणि तो एका मोठ्या पिशवीतून या आठवड्यात एका मुलीकडे, पुढच्या आठवड्यात दुसऱ्या मुलाकडे जातो. पंचाचे काम क्लबचेच मोठे खेळाडू करतात आणि कँटीनची पाळी पालकांना चुकत नाही. तेन दे नोइयर यांच्यासारखा साडेचारशेहून अधिक आंतरराष्ट्रीय सामने खेळलेला खेळाडूसुद्धा अशाच क्लबव्यवस्थेत वाढला. राष्ट्रीय संघातील कित्येक मुलेमुली खेळता खेळताच विद्यापीठाची पदवी घेतात, त्यामुळे हॉकी सुटली तरी त्यांच्या हाती दुसरे काहीतरी असते.

आपल्याकडे तशी सोय किती दुर्मीळ आहे, हे मुंबईच्या वीरेन रस्किन्हा यांच्या उदाहरणावरून दिसते. २००४ चे अथेन्स ऑलिंपिक खेळलेला हा खेळाडू व्यवस्थापनाच्या शिक्षणासाठी ऐन उमेदीत हॉकीतून बाहेर पडला. पुढे ऑलिंपिक गोल्ड क्वेस्ट या खेळाडूंना मदत करणाऱ्या संस्थेच्या माध्यमातून त्यांनी अनेक खेळाडूंना उभे केले हे खरे, तरी खेळ की शिक्षण अशी निवड त्यांच्यावर का यावी, हा प्रश्न उरतोच.

येथे स्थायिक झालेल्या काही मराठी मित्रांचे म्हणणे असे की, आपल्याकडचे सरकारी नोकऱ्यांतील पाच टक्के क्रीडा आरक्षण आणि रेल्वे-पोलिसातील नोकऱ्या यांमुळे खेळाडू आळशी होतात, डच खेळाडूंना अशी कुबडी लागत नाही. हे मत मला मुळीच मान्य नाही. येथील हॉकी हा प्रामुख्याने सुस्थितीतील घरांचा खेळ आहे. क्लबची वार्षिक वर्गणी, कार्बनची स्टिक आणि परगावच्या सामन्यांसाठी दाराशी उभी असलेली मोटार, हे सारे त्या घरांनी गृहीतच धरलेले असते. पुण्याजवळच्या खडकीतून आलेले धनराज पिल्ले १९९२ ते २००४ अशी सलग चार ऑलिंपिक खेळले. घरची श्रीमंती त्यांच्या पाठीशी नव्हती. आधार होता तो संस्थांच्या नोकऱ्यांचा आणि लंडन, लियाँ, स्टुटगार्ट येथील क्लबांकडून मिळालेल्या खेळाच्या संधींचा. कष्टकरी घरातील मुलाने वीस वर्षांचा असताना हॉकी सोडू नये असे वाटत असेल, तर नोकरीची हमी ही पहिली गरज आहे. तिच्यात सुधारणा जरूर हवी. नोकरी लागलेल्या खेळाडूला सरावासाठी नियमाने सुटी मिळावी आणि ती साहेबाच्या मर्जीवर अवलंबून नसावी, एवढे तरी व्हायलाच हवे.

कोल्हापुरातील हॉकीची चर्चा वर्षानुवर्षे टर्फभोवती फिरत आली आहे आणि त्याला सबळ कारण आहे. १९७६ च्या माँट्रियल ऑलिंपिकपासून हा खेळ कृत्रिम मैदानावर गेला आणि भारत तेव्हा सातव्या क्रमांकावर घसरला. मातीवर चेंडू उसळतो, म्हणून मुलगा शरीर चेंडूच्या मागे आणून जपून तो अडवायला शिकतो; पाणी मारलेल्या टर्फवर तोच चेंडू जमिनीलगत सरसरत येतो आणि गुडघ्यात वाकून, स्टिक आडवी टाकून थांबवावा लागतो. सोळाव्या वर्षी प्रथमच टर्फ पाहणाऱ्या मुलाला हाताची जुनी सवय मोडावी लागते आणि निवड समिती तेवढी वाट पाहत नाही. तरीही केवळ टर्फने खेळाडू घडणार नाहीत, कारण त्यावर आठ वर्षांच्या मुलांना रोज कोण आणणार, हे आधी ठरलेले असावे लागते.

ते ठरवण्याची ताकद कोल्हापुरात आहे, कारण क्लब म्हणजे काय हे पेठांना कोणी शिकवण्याची गरज नाही. पाटाकडील, खंडोबा, दिलबहार, बालगोपाल या पेठांतल्या तालीम मंडळांनी फुटबॉल वर्गणीतून आणि पेठेच्या अभिमानावर जगवला आहे, शाहू स्टेडियमवरची गर्दी त्याची साक्ष देते. मात्र तालमींचा बहुतेक खर्च मोठ्यांच्या संघावर होतो आणि मुली तर या हिशेबात जवळजवळ नसतातच. शेजारच्या सातारा जिल्ह्यातील फलटण तालुक्याने वैष्णवी फाळके आणि ऋतुजा पिसाळ या दोन मुली भारतीय संघाला दिल्या. शिवाय हॉकी इंडिया लीगमध्ये २०२५ पासून महिलांचीही स्पर्धा सुरू झाल्यामुळे मुलींना या खेळातून चार पैसे मिळण्याचा मार्ग प्रथमच उघडला आहे. कोल्हापुरातील एखाद्या तालमीने किंवा मंडळाने पुढाकार घेऊन बारा वर्षांखालील मुलामुलींचा हॉकी संघ काढावा, गोलकीपरचे दोन संच सामायिक म्हणून विकत घ्यावेत आणि निवृत्त खेळाडूला ठरलेले मानधन देऊन वर्षभर प्रशिक्षक नेमावे, असे मला मनापासून वाटते. परदेशातील आम्ही कोल्हापूरकर सणासुदीला देणग्या पाठवतो, त्यातील काही रक्कम या मानधनासाठी दरमहा बांधून देण्यास मी तयार आहे आणि इतरांनाही तसे सांगणार आहे.