‘महल’मधला अंधार मालाडचा आहे

1949च्या ‘महल’ या हिंदी सिनेमाचा विषय निघाला की कुणीतरी हमखास सांगतं: त्या सावल्या जर्मन सिनेमातून आल्या, कारण कॅमेरामन जोसेफ विर्शिंग जर्मन होता. मला हे कधीच पटलेलं नाही.

या माणसाचा हिंदुस्थानातला पहिला सिनेमा बघा. 1925चा मूकपट ‘प्रेम संन्यास’. म्युनिकच्या एमेल्का कंपनीची मंडळी इथे आली, दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन, आणि विर्शिंग जेमतेम बावीस वर्षांचा. स्टुडिओचे सेट नाहीत, कृत्रिम दिवे नाहीत. जयपूरच्या महाराजांनी दिलेले हत्ती आणि वर रणरणतं ऊन. कसला आलाय एक्स्प्रेशनिझम, म्हणजे जर्मन सिनेमाची ती गडद सावल्यांची शैली!

मग बोलपट आले आणि जगभरच्या कॅमेरामनचे हाल सुरू झाले. मूकपटात हँडल फिरवून सेकंदाला सोळा-अठरा फ्रेम घेतल्या तरी भागायचं. आवाजासाठी चोवीस ठरल्या. म्हणजे प्रत्येक फ्रेमच्या वाट्याला उजेड कमी, म्हणून दिवे वाढवा. पण आर्क दिवे भणभणतात आणि माइक ते टिपतो. कॅमेराही घरघरतो, त्यालाही पेटीत कोंडा.

1934 साली हिमांशू राय आणि देविका राणींनी मुंबईत मालाडला बॉम्बे टॉकीज ही सिनेमा कंपनी काढली, तेव्हा विर्शिंग पुन्हा आला तो या कटकटीत. ‘अछूत कन्या’मधलं (1936) ‘मैं बन की चिड़िया’ आठवा. अशोक कुमार आणि देविका राणी झाडावर बसून गातात आणि जवळजवळ हलतच नाहीत. आज बघताना हसू येतं. पण प्लेबॅक, म्हणजे गाणं आधी रेकॉर्ड करून पडद्यावर नुसते ओठ हलवायची सोय, नव्हती हो! नट स्वतः गात होते, वादक फ्रेमच्या बाहेर बसून वाजवत होते. मान जरा जास्त वळवली की आवाज गेला. माणसं हलवायची सोय नाही म्हटल्यावर कॅमेरामनच्या हाती उरतो चेहरा. देविका राणीच्या केसांमागून येणारा तो उजेड बघा, म्हणजे विर्शिंगने या अडचणीचं काय केलं ते कळेल. म्युनिकमध्ये तो काहीच शिकला नाही असं नाही, पण हा हात मालाडमध्येच बसला असं माझं ठाम मत आहे.

1939मध्ये महायुद्ध पेटलं, इंग्रजांनी जर्मन मंडळींना नजरकैदेत टाकलं. विर्शिंगची ऐन उमेदीची वर्षं छावणीत गेली. तरी तो भारतातच राहिला.

आणि मग 1949चा ‘महल’. ‘आएगा आनेवाला’ सुरू होतं तेव्हा आवाज लांबून जवळ यावा म्हणून लताबाई रेकॉर्डिंगला माइकपासून दूर उभ्या राहून गात गात पुढे आल्या, हा किस्सा सगळ्यांना पाठ आहे. पडद्यावर मात्र ते अंतर विर्शिंगने उभं केलंय. झोपाळ्यावरची मधुबाला उजेडात येते, लगेच निसटते. आता प्लेबॅकमुळे गळा दुसरीकडे होता, त्यामुळे चेहऱ्याला अंधारात जायची मुभा मिळाली. ‘अछूत कन्या’च्या वेळी हे जमलंच नसतं.

पुढे ‘पाकीजा’, रंगीत आणि सिनेमास्कोप, म्हणजे रुंद पडद्याचा. पण काम चालू असतानाच 1967मध्ये तो गेला. उरलेलं इतरांनी पुरं केलं, सिनेमा लागला 1972मध्ये. या सिनेमाला फिल्मफेअर मिळालं ते कला दिग्दर्शनाचं, एन. बी. कुलकर्णींना, आणि ते रास्तच होतं. पण ते झुंबर, त्या कमानी दिसल्या कुणामुळे? छायाचित्रणाला काही नाही. माझा राग अजून गेलेला नाही.