मगर बघायला गोव्याला

बडोद्याला विश्वामित्री नदीच्या काठी राहणाऱ्या माणसाने पैसे मोजून मगर बघायला जावं, हा विचार मुळात पुण्यातच कुणाला सुचू शकतो. तो आमच्या वन्संना सुचला. त्या हल्ली निसर्गप्रेमी झाल्या आहेत. पूर्वी नुसत्याच प्रेमळ होत्या, ते परवडायचं.

बडोद्यात मगर बघायला कुणी जात नाही. ती असतेच. काला घोड्याच्या पुलावर स्कूटर लावून चार माणसं कठड्यावरून खाली वाकलेली दिसली की समजायचं, खाली एखादी ऊन खात पडली आहे. आपण पाचवे थांबतो, "मोटी छे" म्हणतो आणि भाजी घ्यायला निघतो. पावागडच्या डोंगरातून निघालेली ही नदी भर शहरातून वाहते आणि तिच्यात मगरी शेकड्यांनी राहतात. पावसाळ्यात पाणी चढलं की त्या लोकांच्या भेटीगाठी घ्यायला बाहेर पडतात. ऑगस्ट २०२४ च्या पुरात शहरातल्या अकोटा भागात एक मगर चक्क घराच्या छपरावर जाऊन बसली होती. तो फोटो देशभर फिरला. त्याच आठवड्यात आमच्या सोसायटीच्या पार्किंगमध्येही एक लहानशी निघाली. वीज गेलेली, म्हणून वॉचमनने जिन्यातून ओरडून सगळ्यांना कळवलं, "कोणी गाडी काढू नका, साहेब गाडीखाली झोपलेत." मगरीला साहेब म्हणायची पद्धत तेव्हापासून आमच्याकडे रुळली आहे.

आणि वन्सं फोनवर सांगतात, "वहिनी, गोव्यात कुंभारजुव्याच्या कालव्यात बोटीतून मगरी दाखवतात. कांदळवनातून! बरोबर गाइड असतो, सगळी माहिती देतो."

"गोवा" एवढा एकच शब्द ऐकून चिरंजीव तयार झाले. हे म्हणाले, "इथे काय कमी आहेत?" आणि सासूबाईंनी विचारलं, "बोटीत बाथरूम असतं का गं?" यावर सगळे हसले. तो या सहलीतला सर्वांत शहाणा प्रश्न होता, पण घरातल्या वयस्कर माणसाचे प्रश्न हसण्यावारी न्यायची आपल्याकडे रीतच आहे.

मग वेळेचा घोळ. मगरी ओहोटीला दिसतात. पाणी उतरलं की काठाचा चिखल उघडा पडतो आणि त्यावर त्या अंग शेकायला येतात. थंड रक्ताचा प्राणी, त्याला ऊन खाल्ल्याशिवाय चालत नाही. भरतीला चिखल पाण्यात आणि मगरही पाण्यात. शिवाय ही ओहोटी रोज साधारण पन्नास मिनिटांनी पुढे सरकते, त्यामुळे ठरलेली अशी वेळ नसते. वन्संनी हे सगळं आम्हाला वहीत आकृती काढून समजावलं. चंद्र, पृथ्वी, बाण. सासूबाईंनी आकृतीकडे न बघताच मुद्दा पकडला.

"म्हणजे स्तंभेश्वरासारखंच की!"

बडोद्याच्या माणसाचा भरती-ओहोटीशी संबंध येतो तो कावी-कंबोईच्या महादेवामुळे. खंभातच्या आखाताच्या काठावरचं देऊळ, भरतीला पिंड पाण्याखाली, ओहोटीला दर्शन. "हो आई, तसंच," वन्सं म्हणाल्या, "फक्त इथल्या देवाला दात आहेत."

करमळीला गाडीतून उतरलो ते मेथीचे थेपले, लीलो चिवडा आणि वन्संच्या यजमानांची लेन्स घेऊन. ही लेन्स वेगळ्या बॅगेतून प्रवास करते आणि तिला खिडकीची जागा लागते. हातभर लांब आहे. तिच्यातून दूरचं जवळ दिसतं म्हणे, पण त्या लेन्सच्या मागे उभं राहिलेल्या माणसाला कोणी जवळचं दिसेनासं होतं, हे वन्संचं मत मी आपलं इथे नोंदवून ठेवते.

जेट्टीवर लाइफ जॅकेटं आली. भगवी, ओलसर, आधीच्या प्रवाशाच्या घामाचा वास मुरलेली. त्याला समोर तीन काळे पट्टे असतात आणि प्रत्येकाला एक प्लॅस्टिकची चाप, जी "टक्" वाजली की बसली म्हणायचं. सासूबाईंची पहिली टक् वाजली, दुसरी वाजली, तिसऱ्यात पदर अडकला. पदर सोडवायला पहिल्या दोन उघडाव्या लागल्या. त्या उघडेनात. गाइड, मी आणि वन्सं असे तिघं सासूबाईंभोवती ओणवे झालो असताना त्या शांतपणे समोरच्या पाण्याकडे बघत म्हणाल्या, "आता मला थोडं पाणी प्यायचं आहे." यांचा प्रश्न निराळा होता. यांच्या पोटावरून पट्टा पोचतच नव्हता. गाइडने मापाने एक मोठं जॅकेट आणलं आणि हे ते घालून असे उभे राहिले की बुडायचा प्रश्नच उरला नाही.

गाइड चाळिशीचा, सडपातळ, अनवाणी. आपसात कोंकणी, आमच्याशी मराठी. बोटीत आमच्याशिवाय बेंगळुरूचं एक तरुण जोडपंही होतं, त्यांच्याशी इंग्रजी. नियम त्याने तिन्ही भाषांत सांगितले: उभं राहायचं नाही, हात बाहेर काढायचा नाही, पाण्यात काही टाकायचं नाही. "आणि महत्त्वाचं म्हणजे गप्प बसायचं. आवाज झाला की मगर पाण्यात उतरते."

आम्ही एकमेकांकडे बघितलं. आमच्या घरात मौनव्रताच्या दिवशीसुद्धा माणसं खुणांनी भांडतात.

कालवा मांडवी आणि झुवारी या दोन नद्यांना जोडतो. मगर खरं तर गोड्या पाण्यातली, पण इथे ती मचूळ पाण्यात, खारफुटीत सुखाने नांदते. दोन्ही बाजूंना झाडं अशी दाट की काठ कुठे संपला आणि पाणी कुठे लागलं ते कळत नाही. तिवराच्या बुंध्याभोवती चिखलातून वर आलेली हजारो टोकं. ही त्याची मुळं. चिखलात हवा नसते, म्हणून मुळं श्वास घ्यायला वर येतात. सासूबाईंना हे फार पटलं. त्यांना दमा आहे.

गाइडने बोट वल्हवत झाडाजवळ नेऊन तिवराचं एक पान वाकवलं आणि वन्संना म्हणाला, "ताई, चाटून बघा." वन्संनी निसर्गप्रेमाखातर चाटलं. हे झाड खारं पाणी पितं आणि नको असलेलं मीठ पानांतून बाहेर टाकतं. पानाच्या अंगावर त्याचे बारीक कण उन्हात चमकतात, अगदी जवळ नाक नेलं तरच दिसतात. पान मग आमच्या ओळीतून फिरलं. हे म्हणाले, "लिंबू हवं होतं." तेवढ्यात यांचा हात शेजारच्या दुसऱ्या एका झाडाकडे गेला आणि गाइड पहिल्यांदाच ओरडला. त्याचा पांढरा चीक डोळ्यांत गेला तर काही काळ दिसायचं बंद होतं. त्यानंतर यांनी हात मांडीखाली घेतले ते उतरेपर्यंत.

मग कांदळ. याच्या फांद्यांना शेंगांसारखं हिरवं, लांबलचक काहीतरी लोंबत होतं. त्या शेंगा नाहीत, रोपं आहेत! बी झाडावर असतानाच रुजतं, आईच्या अंगावरच वाढतं आणि पुरेसं लांब झालं की सुटून भाल्यासारखं खाली चिखलात रुततं, किंवा पाण्यावर तरंगत दुसरीकडे जाऊन मूळ धरतं. मी चिरंजीवांकडे बघितलं. तिसावं चालू आहे, अजून झाडावरच लोंबतायत. त्यांनी कानातून इअरफोन काढला, "काय झालं?" विचारलं आणि पुन्हा घातला.

यानंतरचा काळ ओंडक्यांचा. या प्रकाराबद्दल माहितीपत्रकात काहीही नसतं. बोटीच्या पुढे बसलेला कोणीतरी "तिथे! तिथे!" असं कुजबुजतो, सगळे त्या बाजूला कलतात, बोटही कलते, लेन्स खाडखाड वाजते आणि गाइड मान हलवत म्हणतो, "लाकूड." पुन्हा कुजबुज, पुन्हा लाकूड. चिखलावर शेपटीवर उड्या मारणाऱ्या निवट्या नावाच्या मासोळ्या, एकच नांगी अंगापेक्षा मोठी असलेले आणि ती हलवून बायकोला बोलावणारे खेकडे, निळ्या पाठीचा खंड्या, सगळं गाइड दाखवत होता. पण मगरीचे पैसे दिलेला माणूस खेकड्यात रमत नाही. वन्संच्या यजमानांनी एका ओंडक्याचे इतके फोटो काढले की त्याच्याही लक्षात आलं असावं.

आणि मग ती खरंच दिसली. पाण्यापासून हातभर वर, चिखलाच्या उतारावर, तोंड उघडं टाकून. तोंड उघडं ठेवते ती रागाने नाही. अंग जास्त तापलं की ती तशीच गार होते. पाठीवरचे खवले वाळून राखाडी झालेले, पोटाकडचा भाग मात्र अजून ओला, काळा. गाइडने इंजिन बंद केलं. बेंगळुरूच्या मुलीने श्वास रोखला. वन्संच्या डोळ्यांत पाणी आलं. आमचं अख्खं घराणं, इतिहासात प्रथमच, एकत्र गप्प होतं.

"एवढीशी?" हे म्हणाले. रावपुऱ्यात समोरच्या फुटपाथवरच्या माणसाशी बोलतात त्याच आवाजात.

मगरीने तोंड मिटलं. चिखलावरून सरकली, पाण्यावर एक वर्तुळ उठलं आणि संपलं. लेन्स उशिरा वाजली. वन्संनी भावाकडे ज्या नजरेने बघितलं ती नजर त्यांच्या आईकडून आली आहे. मला ओळखीची आहे.

गाइड मात्र रागावला नाही. त्याने विचारलं, "साहेब, तुम्ही कुठले?"

"बडोद्याचे."

"बडोदा? ते छपरावर मगर बसली होती, ते?"

झालं! इथून पुढे सहल कोणाची होती हे सांगणं अवघड आहे. गाइड वल्हं मांडीवर आडवं ठेवून यांच्यासमोर बसला. यांनी मांडीखालचे हात काढले. पार्किंगमधल्या साहेबांना धरायला प्राणिमित्र कसे आले, डोळ्यांवर ओलं पोतं टाकलं की ती कशी शांत होते, तिचा जबडा मिटायला जोर प्रचंड पण उघडायला अगदी कमी आणि म्हणून तोंड एकदा बांधलं की निम्मं काम कसं होतं, हे सगळं यांनी अशा तपशिलाने सांगितलं की दोरी यांनीच बांधली होती असं कुणालाही वाटावं. प्रत्यक्षात त्या रात्री हे दुसऱ्या मजल्याच्या बाल्कनीतून टॉर्च दाखवत होते. टॉर्चही माझाच होता. बेंगळुरूच्या मुलाने यांचा व्हिडिओ घेतला. चिरंजीवांनी भाषांतर करून दिलं, आणि नोकरी लागल्यापासून प्रथमच मला त्यांच्या इंग्रजी शिक्षणाचा खर्च वसूल झाल्यासारखा वाटला. मागच्या चिखलावर दुसरी एक मगर येऊन पडली होती. ती फक्त मी पाहिली. गोष्ट अगदी पोत्यापर्यंत आली होती, मध्येच बोलणं बरं दिसलं नसतं.

"अहो गाइड," सासूबाई म्हणाल्या, "मला उतरायचं आहे."

"अजून अर्धा तास आहे आजी. पुढे पक्षी चांगले..."

"मला आत्ता उतरायचं आहे."

गाइडने काठाकडे बघितलं. श्वास घेणारी मुळं, गुडघाभर चिखल आणि नुकतीच दिसेनाशी झालेली ती. त्याला प्रश्न समजला. इंजिन सुरू झालं, आणि अर्ध्या तासात दिसणार होते ते सगळे पक्षी सात-आठ मिनिटांत उलट्या दिशेने मागे गेले.

सासूबाईंचं लक्ष दुसरीकडे लागावं म्हणून तो इंजिनाच्या वर आवाज चढवून भोम गावाची गोष्ट सांगत होता. खाजणाची शेती म्हणजे खाऱ्या पाण्याला मातीचे बांध घालून मिळवलेली जमीन. बांध फुटला की भात गेलं. मगर त्या बांधांची राखण करते अशी जुनी श्रद्धा, म्हणून पौष अमावास्येला शेतकरी ओल्या चिखलाची मगर करतात, पाठीवर शिंपल्या लावतात आणि तिची पूजा करतात. मानगे थापणी.

"आमच्याकडे हेल्पलाइनला फोन करतात," सासूबाई दात आवळून म्हणाल्या, पण हात जोडले.

बोट जेट्टीला लागायच्या आत त्यांनी तिन्ही चापा स्वतः उघडल्या. टक्, टक्, टक्. जिला घालायला तीन माणसं लागली होती ती बाई एका उडीत काठावर.

हिशेब झाला, हे गाइडच्या खांद्यावर हात ठेवून पत्ता सांगू लागले, पुलापासून डावीकडे, जुन्या देना बँकेसमोरून आत. "पावसात तुमचं काम थंडावतं ना? तेव्हाच या. बाल्कनीत खुर्ची टाकून दाखवतो. बोट लागणार नाही."

"आणि लाइफ जॅकेट?" त्याने विचारलं. गंमत करत होता की नाही, ते कळलं नाही.

सासूबाई रुमालाला हात पुसत परत आल्या होत्या. एकदम ताज्यातवान्या. "जॅकेट आणा," त्या म्हणाल्या, "आणि पाणी चढायच्या आधी पोचा. तळमजल्यावरच्यांची गव्हाची पिंपं आमच्याकडे वर आणायची असतात, आणि याची कंबर पहिल्याच पिंपाला धरते."