मेश बारीक केली की स्ट्रेस वाढतो, मग खरं काय? (एका प्रतिक्रियेला उत्तर)

नमस्कार मालक,

तुमची प्रतिक्रिया जरा झोंबली. पण तुम्ही नुसतं बोलला नाहीत, स्वतः करून बघितलंत, म्हणून सविस्तर लिहितो. यंत्रमागाच्या क्रँकशाफ्टला चावीच्या खाचेत तडा दाखवून तुम्ही संगणकावर मॉडेल चालवलंत. मेश, म्हणजे हिशोबासाठी शाफ्टचे बारीक तुकडे पाडणारी जाळी, १ मिमीची अर्धा केली, मग पाव. दर वेळी तड्याच्या टोकाचा स्ट्रेस, म्हणजे धातूतला ताण, वाढतच गेला. त्यावर तुमचा सवाल: ही रंगीत चित्रं बघून आमच्या वेल्डरपेक्षा जास्त काय कळणार?

आकडा वाढतो, आणि तो वाढायलाच हवा. तडा टोकदार आणि धातू निव्वळ लवचिक धरला, की गणितात टोकाशी स्ट्रेस अनंत होतो. मेश निम्मी केली की आकडा साधारण १.४ पट चढतो. तुमचेच आकडे भागून बघा. म्हणून टोकाचा स्ट्रेस वाचायचाच नसतो. तड्यांचा अभ्यास करणाऱ्या अर्विननं १९५७ मध्ये टोकाजवळच्या स्ट्रेसची तीव्रता हेच माप धरलं. राइसचं १९६८ चं जे-इंटिग्रल तर टोकाला हातही लावत नाही, त्याच्याभोवती लांबून कडी काढून ऊर्जेचा हिशोब करतं. सॉफ्टवेअरमध्ये अशी पाच कडी मागा. टोकाला चिकटलेलं पहिलं सोडून द्या. तिसरं, चौथं, पाचवं एकमेकांशी जुळलं तर मेश पुरेशी आहे.

आता वेल्डर. त्याच्या नजरेला माझा नमस्कार आहे, पण त्याला तडा दिसतो तेव्हा बराच उशीर झालेला असतो. पॅरिस नावाच्या अभियंत्याच्या नियमानं दर फेऱ्याला होणारी तड्याची वाढ ही त्या तीव्रतेतल्या चढउताराच्या घातात असते, आणि पोलादाला तो घात ३ च्या आसपास. भार तोच राहिला तर १ मिमीचा तडा ४ मिमी व्हायला जितके फेरे लागतात, त्याच्या निम्म्यात ४ चा १६ होतो. मिनिटाला १२० ठोके धरले तर बारा तासांच्या पाळीत ८६,४०० फेरे होतात. आणि वेल्ड मारून तडा झाकला, तरी शेजारच्या भाजलेल्या पट्ट्यात ताण अडकून राहतो, मग पुढचा तडा तिथूनच निघतो.

खरं तर तुम्ही भांडायला हवं होतं ते भारावर. त्याच घातामुळे भाराचा अंदाज १० टक्क्यांनी कमी पडला, तर शाफ्ट प्रत्यक्षात टिकेल त्यापेक्षा साधारण सदतीस टक्के जास्त आयुष्य मॉडेल दाखवेल. फणीचा ठोका बसताना शाफ्टवर नेमका किती जोर येतो, धोटा मध्येच अडकून माग दणक्यात थांबतो तेव्हा किती, हे आपल्याकडे मोजतं कोण? मॉडेलमध्ये आपण अंदाजानं एक गोल आकडा टाकतो आणि उत्तर दशांश चिन्हापुढे तीन घरं वाचतो. हसू तिथं यायला हवं. म्हणून "अमुक महिने टिकेल" असं मी मॉडेलवरून कधीच सांगत नाही. खाचेच्या कोपऱ्याला २ मिमीची गोलाई दिली तर बरं की १ ची पुरे, एवढं मात्र छातीठोक सांगतो, कारण दोन्हीकडे भाराची चूक तीच असते.

पुढच्या वेळी शाफ्ट तुटला तर तुकडा भंगारात घालू नका. तुटलेल्या तोंडाला ग्राइंडर न लावता थोडं तेल लावून ठेवा. त्यावर शिंपल्यासारख्या रेघा (तडा हळूहळू वाढल्याची खूण) दिसल्या, तर मोजपट्टी शेजारी ठेवून फोटो पाठवा.