‘मध्ययुगीन शेतकरी वर्षाला १५० दिवसच राबायचा’ या दाव्यात खरं किती?

आठवड्याला ७० तास काम करावं की नाही, यावर वाद पेटला की एक मजकूर हमखास फिरायला लागतो. मध्ययुगाच्या उत्तरार्धातला इंग्लंडचा शेतकरी म्हणे वर्षातून फक्त १५० दिवस काम करायचा, उरलेले दिवस चर्चच्या सुट्ट्यांचे असायचे, कामावर असताना जमीनदार त्याला जेवू घालायचा, आणि एकंदरीत तो आजच्या नोकरदारापेक्षा सुखी होता. पाठवणाऱ्यांचा हेतू मला मनापासून पटतो. ७० तासांचा आग्रह अमानुषच आहे. पण त्यासाठी जो इतिहास पुढे केला जातो, तो ज्यांनी हाडं झिजवली त्यांच्यावरच अन्याय करणारा आहे. म्हणून एकेक मुद्दा तपासू या.

आधी तो आकडा. तो गाजला अमेरिकी अर्थतज्ज्ञ ज्युलिएट शोर यांच्या १९९०च्या दशकाच्या सुरुवातीच्या एका पुस्तकामुळे. त्यांनी तो घेतला ग्रेगरी क्लार्क या आर्थिक इतिहासकाराच्या १९८६ च्या एका अप्रकाशित निबंधातून. पुढे क्लार्क यांनी स्वतःच आपलं मत बदललं आणि आकडा ३०० दिवसांच्या आसपास नेला. ज्याचा अंदाज होता त्याने सोडून दिला, तरी फॉरवर्ड अजून थांबलेला नाही.

बरं, १५० धरला तरी तो कशाचा? मॅनरच्या, म्हणजे जमीनदाराच्या जहागिरीच्या, हिशेबवह्यांत त्याने ज्या दिवसांची मजुरी दिली किंवा जी वेठ करून घेतली, तीच कामं उतरायची. शेतकऱ्याने स्वतःच्या पट्ट्यात घातलेला दिवस तिथे कोण कशाला लिहील? ऊसतोड मजुराचे मुकादमाच्या वहीतले पाच-सहा महिने मोजायचे आणि बाकीचं वर्ष तो गावी आराम करतो म्हणायचं, तसला हा हिशेब झाला. रॅम्सी किंवा ईलीसारख्या मोठ्या मठांच्या जमिनींवर ३० एकरांच्या आसपास जमीन असलेल्या बांधील, म्हणजे जमीन सोडून जायची मुभा नसलेल्या, कुळाला आठवड्याला दोन-तीन दिवसांची वेठ असायची, सुगीत त्याहून जास्त. सगळ्यांचं असं नव्हतं. अनेक कुळं मुक्त होती आणि फक्त रोख खंड भरायची. पण वेठीवरून सुटलेला माणूस घरी येऊन पाय पसरत नव्हता. स्वतःची नांगरट, पेरणी, कापणी होती. हिवाळ्यात खळ्यावर मोगरीने धान्य झोडपणं, चर खणणं, कुंपणं दुरुस्त करणं, सरपण आणणं होतं. गायीचं दूध काढायला तर ख्रिसमसच्या सकाळीही जावंच लागायचं.

आणि बायका? फॉरवर्डमध्ये त्या जवळजवळ नसतातच. कोंबड्या, लोणी, चीज, सूत कातणं, घरची एल नावाची बियर गाळणं, सुगीनंतर शेतात सरवा वेचणं, हे त्यांच्याकडे. १३२५ ते १३४० च्या सुमारास लिंकनशायरमधल्या लटरेल घराण्यासाठी तयार झालेल्या प्रार्थनापोथीत कापणीचं एक चित्र आहे. विळे हातात घेऊन कापणाऱ्या त्यात बायकाच आहेत, आणि त्यांतली एक जण वाकून वाकून अवघडलेली पाठ सरळ करते आहे. तिचे दिवस त्या १५० मध्ये कुठे बसवायचे?

१३४८-४९ च्या प्लेगच्या महामारीआधीच्या काळाबद्दल आणखी एक गोष्ट सुटते. १३०० च्या सुमारास इंग्लंडची लोकसंख्या ५० लाखांच्या घरात गेली होती, जमिनीचे तुकडे पडत होते, आणि कितीतरी कुटुंबांकडे जेमतेम दोन-चार एकर होती. अशा माणसाला वर्षाचे १५० दिवसच मजुरी मिळाली, तर ती सुट्टी नव्हे, बेकारी. १३१५ पासून लागोपाठ पावसाने पिकं कुजली, धान्य महागलं आणि १३१७ पर्यंतच्या त्या दुष्काळात बहुधा दहातलं एक माणूस तरी गेलं. पहिला घास तुटला तो अशाच कमी जमिनीच्या घरांचा.

आता सुट्ट्या. रविवार सोडून वर्षाला साधारण ४० ते ५० सण चर्च पाळायला लावायचं, हे खरं. पण त्या दिवशी काम केलं म्हणून चर्चच्या न्यायालयांत लोकांना दंड होत होते, याचाच अर्थ लोक काम करत होते. दुसरं, सणाचा पगार नव्हता. १४०२ मध्ये पार्लमेंटने कायदाच केला की मजुराने सणाच्या दिवसाची मजुरी घ्यायची नाही आणि सणाच्या आदल्या दिवशी दुपारपर्यंतच काम केलं तर अर्धीच घ्यायची. रोजंदारीवरच्या घरात अशा ‘सुट्टी’ला चूल कशी पेटणार?

कामाचे तासही बघा. १४९५ चा कायदा सांगतो: मार्चच्या मध्यापासून सप्टेंबरच्या मध्यापर्यंत पहाटे ५ च्या आत हजर व्हायचं, न्याहारीला अर्धा तास, जेवण आणि दुपारची झोप मिळून दीड तास, आणि सुटका संध्याकाळी ७ ते ८ च्या दरम्यान. म्हणजे निव्वळ काम १२-१३ तास. लोक हे तंतोतंत पाळायचे असं नाही. मजूर उशिरा येतात, लवकर जातात, जेवायला बसले की उठत नाहीत, अशी तक्रार त्याच कायद्यात आहे. मला ती वाचून बरंच वाटलं.

जेवणाचा मुद्दा अर्धा खरा आहे. सुगीच्या जादा वेठीला जमीनदार जेवण आणि कधी एल द्यायचा. पण त्याच्या दातृत्वाची दुसरी बाजू सेंट ऑल्बन्स या मठाच्या गावी दिसते. कुळांनी धान्य मठाच्याच चक्कीवर दळायचं आणि त्यातला वाटा द्यायचा, असा नियम होता. लोकांनी घरी जाती ठेवली. १३३० च्या दशकात रिचर्ड ऑफ वॉलिंगफर्ड या मठाधिपतीने ती जाती जप्त केली आणि त्यांच्या दगडांनी आपल्या बैठकीची जमीन फरसबंद करून घेतली. खगोलीय घड्याळ बांधणारा हा विद्वान माणूस. त्याच्या आणि त्याच्यानंतरच्या मठाधिपतींच्या पायाखाली लोकांच्या घरातली जाती पन्नासेक वर्षं होती. शिवाय मुलीचं लग्न करायचं तर जमीनदाराला पैसे, कूळ मेलं तर गोठ्यातलं सगळ्यात चांगलं जनावर त्याचं, आणि पिकाचा दहावा हिस्सा चर्चचा.

एका ठिकाणी दाव्यात खरंच तथ्य आहे. १३४८-४९ च्या महामारीत जवळपास निम्मी माणसं गेली, मजूर मिळेनासे झाले, आणि १५व्या शतकात मजुरीची खरेदीशक्ती पूर्वीच्या दुपटीच्या आसपास पोचली. पोट भरल्यावर काही लोकांनी कमी दिवस काम करणं पसंत केलं, हे संभवतं. पण ती फुरसत कुणी दिलेली नव्हती. १३४९ चा वटहुकूम आणि १३५१ चा मजूर कायदा मजुरी महामारीपूर्वीच्या दरावर गोठवण्यासाठीच आले. गवत वाळवायला दिवसाला १ पेनी, कापणीला ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात २ पेन्स आणि दुसऱ्यात ३, तेही जेवणखाण न मागता. नांगऱ्याने दिवसाच्या बोलीवर नाही, वर्षाच्या बोलीवर राहायचं. नकार देणाऱ्यांसाठी गावोगावी खोडे बसवायचे.

त्यावर १३८० मध्ये माणशी १२ पेन्सचा डोईकर आला आणि १३८१ च्या उन्हाळ्यात एसेक्स आणि केंट हे लंडनजवळचे परगणे पेटले. १४ जूनला लंडनबाहेर माइल एंडला लोकांनी राजापुढे ठेवलेल्या मागण्या फॉरवर्ड करणाऱ्यांनी जरूर वाचाव्यात: कुळांची बांधीलकी रद्द करा, खंड एकरी ४ पेन्स ठेवा, आणि कुणीही स्वतःच्या मर्जीने ठरवलेल्या कराराशिवाय कुणाची चाकरी करणार नाही. वेठीच्या नोंदी असलेली दफ्तरं त्यांनी ठिकठिकाणी जाळली. सेंट ऑल्बन्सच्या लोकांनी मठात घुसून ती फरशी उखडली आणि जात्यांचे तुकडे आपसांत वाटून घेतले.

त्या मागण्या मान्य करून राजाने दिलेली वचनं २ जुलैला मागे घेतली, जॉन बॉल या बंडखोर पाद्र्याला १५ जुलैला सेंट ऑल्बन्समध्येच फाशी दिलं. बांधीलकी मोडली ती पुढच्या शंभर-सव्वाशे वर्षांत, एकेका गावात, कुळं रातोरात जमीन सोडून दुसऱ्या जमीनदाराकडे निघून जाऊ लागली आणि मागे उरलेल्यांना टिकवण्यासाठी जमीनदारांना वेठ सोडून खंडावर यावं लागलं म्हणून.