स्यमंतक म्हणजे कोहिनूर नव्हे

गणेशचतुर्थी जवळ आली की घरच्या ग्रुपवर तो मेसेज हटकून येतो. कृष्णावर ज्याच्या चोरीचा आळ आला तो स्यमंतक मणी म्हणजेच कोहिनूर. तो रोज सोनं द्यायचा. पुरुषाला तो लाभत नाही, म्हणून ब्रिटनच्या राण्याच तो घालतात. चंद्र दिसला तर 'सिंहः प्रसेनमवधीत्' म्हणणाऱ्या घरांतही हे खरं मानतात, याचं मला फार वाईट वाटतं. कारण तो श्लोक ज्या विष्णुपुराणात आहे, तेच पुराण या मेसेजला खोटं पाडतं.

आधी सोन्याचं. ते पुराणात आहेच: सूर्याने सत्राजित या यादवाला दिलेला मणी रोज आठ भार सोनं देई. भार आणि पळ ही जुनी वजनं; अमरकोश या संस्कृत कोशाच्या हिशेबाने एक भार म्हणजे २००० पळं. भागवत तर म्हणतं की जिथे या मण्याची पूजा होते तिथे दुष्काळ, साप, रोगराई फिरकत नाहीत. कोहिनूरबद्दल असं कुणी कधी लिहिलेलं नाही. बाबराने आग्र्याला मिळालेल्या एका मोठ्या हिऱ्याबद्दल लिहिलं, तेही त्याच्या किमतीत साऱ्या जगाचं अडीच दिवसांचं जेवण होईल, एवढंच. आणि तो हिरा कोहिनूरच होता का, याचीही खात्री नाही.

दुसरं, तेज. मणी गळ्यात घालून सत्राजित द्वारकेत शिरला तेव्हा लोकांना सूर्यच आल्यासारखं वाटलं. फासे खेळत बसलेल्या कृष्णाला ते तसं सांगायला धावले. कोहिनूर १८५१ मध्ये लंडनच्या प्रदर्शनात मांडला तेव्हा बघणारे हिरमुसले. तो चमकावा म्हणून गॅसचे दिवे लावावे लागले. पुढच्याच वर्षी त्याला नव्याने पैलू पाडले आणि साधारण १९१ कॅरेटचा हिरा १०५.६ कॅरेटवर आला. शिवाय आपल्या रत्नशास्त्रात सूर्याचं रत्न माणिक आहे, हिरा शुक्राचा. सूर्याच्या गळ्यातला मणी हिराच होता, हे कशावरून?

आता पुरुषाला न लाभण्याचा शाप. इथे मेसेज लिहिणाऱ्याने कथा वाचलेलीच नाही, हे उघड होतं. शतधन्वा नावाच्या यादवाने सत्राजिताला मारून मणी नेला आणि अक्रूर या दुसऱ्या यादवाकडे ठेवला. पुढे तो अक्रूराजवळ असल्याचं भर सभेत उघड झालं, तेव्हा बलराम आणि सत्यभामा दोघांनाही तो हवासा वाटला. त्यावर कृष्ण म्हणतो, हा मणी शुचिर्भूत, ब्रह्मचारी माणसानेच बाळगावा. अशुद्ध माणसाने धरला तर धरणाऱ्याचाच घात होतो. सोळा हजार बायका असलेल्या मला तो जमणार नाही, मग सत्यभामेने तरी कसा घ्यावा? बलरामदादाला त्यासाठी मद्य सोडावं लागेल. म्हणून तो अक्रूराकडेच राहू दे. म्हणजे अट आचरणाची आहे, पुरुष-बाईची नाही. उलट इथे बाईलाच नकार आहे आणि मणी राहतो पुरुषाकडे. कोहिनूर मात्र रणजितसिंहांनी १८१३ पासून १८३९ पर्यंत बाळगला, दंडावर बांधून मिरवला, आणि ते राज्यावर असतानाच आजारपणात गेले.

मेसेजात पुढे मणी कुणाकुणाकडे गेला याची यादीही असते. विष्णुपुराणात त्यानंतर तो अक्रूर उघडपणे घालू लागला, एवढंच आहे. कोहिनूर हे फारसी नाव मिळतं ते नादिरशहाने १७३९ मध्ये दिल्ली लुटल्यानंतरच्या इराणी इतिहासात. मधल्या एवढ्या काळाला जोडणारा एकही दुवा नाही. इंग्रजांनी पंजाब खालसा केल्यावर गव्हर्नर जनरल डलहौसीने थिओ मेटकाफ या इंग्रज अधिकाऱ्याला हिऱ्याचा इतिहास जमवायला सांगितला, तेव्हा दिल्लीच्या जवाहिऱ्यांनी त्याला सांगितलं की हा कृष्णाच्या काळात खाणीतून निघाला. ती बाजारातली ऐकीव गोष्ट होती, आणि तीही खाणीतून निघाल्याची. सूर्याने दिल्याची नव्हे.

माझा राग आहे तो वेगळ्याच गोष्टीवर. शापाच्या गप्पांत हिरा गेला कसा, हेच कुणी विचारत नाही. १८४९ च्या लाहोरच्या तहात तिसरं कलमच त्याच्यासाठी होतं: लाहोरच्या महाराजांनी तो इंग्लंडच्या राणीच्या हवाली करावा. ते महाराज दुलीपसिंग तेव्हा १० वर्षांचे होते आणि त्यांची आई जिंद कौर त्यांच्यापासून आधीच तोडलेली होती.