दिव्याचा किताब फुकटचा नाही, आणि मुलींना खुल्या स्पर्धांतून काढूही नका

बुद्धिबळ शिकणाऱ्या मुलांच्या पालकांमध्ये, महिला विश्वचषक जिंकून थेट ग्रँडमास्टर झालेल्या दिव्या देशमुखबद्दलचा एक मेसेज पुन्हा फिरतोय. माझ्याकडे तो आला नऊ वर्षांच्या एका मुलीच्या आईकडून, खाली प्रश्न होता : ‘मग हिला आता खुल्या स्पर्धांतून काढू का?’ खुल्या म्हणजे मुलं-मुली एकत्र खेळतात त्या. म्हणून हे लिहावं लागतंय.

मेसेजचं म्हणणं असं : दिव्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म (किताबासाठी एखाद्या स्पर्धेत करावी लागणारी ठरावीक कामगिरी) नव्हता, रेटिंग (खेळाडूची ताकद सांगणारा आकडा) २५०० नव्हतं, तरी फिडेने, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघाने, तिच्यासाठी नियम वाकवला. तसाही तो ‘बायकांचा’ ग्रँडमास्टर किताब. अंतिम फेरी ती टायब्रेकच्या (बरोबरी फोडणाऱ्या जादा डावांच्या) नशिबाने जिंकली. आणि शेवटी सल्ला : मुलींना फक्त मुलींच्या स्पर्धा खेळवा, किताब लवकर मिळतो.

नियम वाकवल्याचं आधी बघू. यातलं अर्धं खरं आहे, ते मान्य करायलाच हवं. जुलै २०२५ मध्ये महिला विश्वचषकासाठी दिव्या जॉर्जियात बातूमीला गेली तेव्हा तिचं रेटिंग २४६३ होतं आणि ग्रँडमास्टरचा नॉर्म खरंच एकही नव्हता. वर्षानुवर्षं नॉर्मच्या मागे धावणाऱ्या खेळाडूला हे खुपलं, तर तेही समजू शकतं. पण फिडेच्या हँडबुकात किताबांच्या प्रकरणात थेट, म्हणजे नॉर्मशिवाय मिळणाऱ्या किताबांचा तक्ता आहे. महिला विश्वचषक जिंकणारीला ग्रँडमास्टर किताब, हे त्यात आहे, आणि ते बातूमीत उतरलेल्या १०७ जणींना सारखंच लागू होतं. ज्युनियर जागतिक स्पर्धेच्या खुल्या गटात सुवर्ण मिळवणाऱ्या मुलालाही हाच किताब थेट मिळतो.

मग आधी असं झाल्याचं ऐकलं का नाही? कारण ही स्पर्धाच तिसरी. २०२१ ला सोचीत कोस्तेनियुक जिंकली, २०२३ ला बाकूत गोर्याच्किना, आणि दोघी आधीपासूनच ग्रँडमास्टर होत्या. नियम होता, वापरायची वेळ आली नव्हती. महिला जगज्जेतेपद ही वेगळी स्पर्धा, तिथून मात्र असा थेट किताब दिला गेला आहे : २०१२ ला ऊशेनिना, २०१७ ला तान झोंगयी. याच तानला दिव्याने उपांत्य फेरीत १०१ चालींच्या डावात हरवलं.

‘बायकांचा ग्रँडमास्टर’ हा घोळ दर वेळी होतो. वुमन ग्रँडमास्टर हा वेगळा किताब आहे : २३०० रेटिंग आणि २४०० कामगिरीचे (त्या स्पर्धेतल्या निकालांवरून निघणाऱ्या रेटिंगचे) नॉर्म. म्हणजे तो इंटरनॅशनल मास्टरच्याही खालचा, कारण तिथे २४०० आणि २४५० लागतात. दिव्या वुमन ग्रँडमास्टर झाली २०२१ मध्ये, इंटरनॅशनल मास्टर २०२३ मध्ये. बातूमीत मिळाला तो ग्रँडमास्टर, जो आनंदकडे आहे तोच. ती भारताची ८८वी ग्रँडमास्टर. महिलांमध्ये हंपी, हरिका आणि वैशाली यांच्यानंतर चौथी.

टायब्रेकच्या ‘नशिबा’वर फार वेळ घालवायचा नाही. अंतिम फेरीत समोर कोनेरू हंपी होती. डिसेंबर २०२४ मध्ये न्यूयॉर्कला महिलांचं जागतिक रॅपिड (कमी वेळेच्या डावांचं) विजेतेपद जिंकलेली. टायब्रेक रॅपिडचाच होता, म्हणजे हंपीच्या घरच्या मैदानावर. क्लासिकलचे (लांब वेळेचे) दोन डाव बरोबरीत सुटले, आणि त्यातल्या पहिल्यात तर जिंकण्याची संधी दिव्याच्याच हातून निसटली होती. रॅपिडचा पहिला डाव बरोबरीत. दुसऱ्यात दिव्याकडे काळी मोहरी होती, वेळ कमी उरलेला असताना हंपीच्या चुका झाल्या आणि दिव्याने त्या सोडल्या नाहीत. घड्याळ दोघींना सारखंच होतं. त्याआधी दुसरं मानांकन असलेली झू जिनर आणि हरिका याही तिने टायब्रेकमध्येच बाहेर काढल्या होत्या. तिचं स्वतःचं मानांकन पंधरावं होतं.

आता तो सल्ला. सगळ्यात जास्त नुकसान यानेच होणार आहे.

ग्रँडमास्टरचा नॉर्म म्हणजे काय, ते पालकांनी एकदा नीट समजून घ्यावं. कमीत कमी ९ डाव. प्रतिस्पर्ध्यांचं सरासरी रेटिंग किमान २३८०. कामगिरी २६००. प्रतिस्पर्ध्यांपैकी किमान तीन ग्रँडमास्टर, निम्मे तरी किताबधारी, आणि आपल्याखेरीज आणखी दोन देशांचे खेळाडू. असे नॉर्म मिळून २७ डाव भरले पाहिजेत, आणि कधीतरी एकदा रेटिंग २५०० ला टेकलं पाहिजे. सरासरी जेमतेम २३८० असेल तर ९ पैकी ७ गुण लागतात. २४७५ असेल तर ६ पुरतात. शेवटच्या फेरीत कमी रेटिंगचा खेळाडू वाट्याला आला की सरासरी घसरते आणि अर्ध्या गुणाने नॉर्म जातो, हे नेहमीचं.

आता हे मुलींच्या स्पर्धेला लावून बघा. समजा सरासरी २२०० आहे. नऊच्या नऊ डाव जिंकले तरी नॉर्म नाही, कारण २३८० ची पहिलीच अट मोडली. समोर तीन वुमन ग्रँडमास्टर असल्या तरी त्या ग्रँडमास्टर म्हणून धरत नाहीत. थेट किताबाचं म्हणाल, तर महिला विश्वचषकाची विजेती एकच असते, आणि ती हंपीला हरवण्याइतकी तयार असावी लागते. ती तयारी कमकुवत प्रतिस्पर्ध्यांसमोर होत नाही.

लहान मुलीचं गणित तर आणखी सोपं आहे. अठराच्या आतल्या आणि २३०० च्या खालच्या खेळाडूचा के फॅक्टर, म्हणजे एका डावाने रेटिंग किती हलेल ते ठरवणारा आकडा, ४० असतो. आपल्यापेक्षा ४०० ने खालच्या मुलीला हरवलं तर ३.२ गुण मिळतात, आणि हरलं तर ३६.८ जातात. २०० ने वरच्या खेळाडूशी नुसती बरोबरी केली तर १०.४ मिळतात. शिवाय असा डाव घरी आणून तपासता येतो : हत्तीच्या एंडगेममध्ये राजा कुठे अडकला, कोणतं प्यादं उगाच पुढे ढकललं. चौदा चालींत संपलेल्या डावात तपासायला काय उरतं?

मुलींच्या स्पर्धा वाईट आहेत असं मुळीच नाही. राज्य आणि राष्ट्रीय निवड त्यातूनच होते, त्या खेळायच्याच. २०२४ ची ज्युनियर मुलींची जागतिक स्पर्धा दिव्याने गांधीनगरला जिंकली, तीही मुलींचीच होती. पण किताब हातात आल्यावर, सप्टेंबर २०२५ मध्ये, समरकंदच्या ग्रँड स्विस स्पर्धेला ती महिला गटात न खेळता खुल्या गटात खेळली आणि विश्वविजेत्या गुकेशला बरोबरीत रोखलं.

तेव्हा त्या ताईंना उत्तर : खुल्या स्पर्धा चालू ठेवा. तिच्यापेक्षा १०० ते २०० ने वरचे खेळाडू जिथे भेटतील तो गट निवडा, प्रत्येक डाव लिहून आणायला सांगा, आणि हरलेला डाव त्याच आठवड्यात तिच्या सरांसमोर पटावर मांडा.